गंगाधरपंतांचे दुसरे जग आणि मार्थेचा 'जर'

कोल्हापूरच्या शिवाजी पेठेत राहणाऱ्या माणसाला 'जर-तर' शिकवावे लागत नाही. शाहू स्टेडियमवर फुटबॉलचा सामना संपला, की रात्री पेठेतल्या कट्ट्यावर तोच सामना पुन्हा खेळला जातो. गोली एक पाऊल डावीकडे असता तर, पंचांनी शिट्टी फुंकली नसती तर, अशी एकेक फांदी फुटत जाते आणि हरलेला संघ मध्यरात्रीपर्यंत तीनदा जिंकतो. खेळावरून गाडी इतिहासावर यायला या गावात वेळ लागत नाही. संगमेश्वरी शंभूराजे सापडले नसते तर? पानिपतावर विश्वासरावांना गोळी लागली नसती तर? हा विरंगुळा निरुपद्रवी आहे आणि त्याला नाक मुरडण्याचे कारण नाही.

परंतु याच पेठेतल्या एका घरी हा 'जर' मला वेगळ्या स्वरात ऐकावा लागला, आणि प्रस्तुत लेखाचे निमित्त तेच आहे. आमच्या धर्मग्रामातील एका गृहस्थांचा तरुण मुलगा मोटारसायकलच्या अपघातात गेला. त्या संध्याकाळी वडिलांनीच त्याला औषध आणायला पाठवले होते. अंत्यविधीनंतर ते मला म्हणाले, "फादर, किल्ली मी त्याच्या हातात दिली नसती तर?" मी त्यांना घाईघाईने देवाच्या इच्छेविषयी काही वाक्ये ऐकवली. ती वाक्ये शिकवणुकीच्या दृष्टीने चुकीची नव्हती, पण त्या क्षणी ती माझ्या बचावासाठी होती, त्यांच्या सांत्वनासाठी नव्हती. ते पुष्कळ दिवस मिस्साला आले नाहीत. पुढे एकदा मी घरी गेलो, तेव्हा त्यांच्या मुलीचे अकरावीचे इंग्रजीचे पुस्तक त्यांनी माझ्यापुढे ठेवले. त्यातला एक धडा तिने त्यांना मराठीत सांगितला होता. "फादर, तसलं दुसरं जग खरंच असतंय काय?" एवढेच त्यांनी विचारले. धडा होता डॉ. जयंत नारळीकरांचा 'द अॅडव्हेंचर', म्हणजेच त्यांच्या 'गंगाधरपंतांचे पानिपत' या मराठी कथेचे इंग्रजी रूप.

नारळीकर तसे आमच्याच गावचे. १९ जुलै १९३८ रोजी त्यांचा जन्म कोल्हापुरात झाला. वडील विष्णु वासुदेव नारळीकर हे बनारसच्या हिंदू विश्वविद्यालयात गणिताचे प्राध्यापक असल्यामुळे बालपण मात्र काशीत गेले. पुढे केंब्रिज, मुंबई आणि पुणे. १९७४ साली मराठी विज्ञान परिषदेच्या कथास्पर्धेला त्यांनी 'कृष्णविवर' ही कथा पाठवली ती 'नारायण विनायक जगताप' या टोपणनावाने. आपल्या नावाची आद्याक्षरे त्यांनी उलटी केली होती, आणि हस्ताक्षर ओळखू येऊ नये म्हणून पत्नीकडून कथा लिहून घेतली होती. पहिले पारितोषिक मिळाले आणि मराठी विज्ञानकथेला एक नवे वळण लागले. ९४ व्या अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलनाचे (नाशिक, २०२१) ते अध्यक्ष होते, आणि त्यांच्या आधीचे, ९३ व्या संमेलनाचे (उस्मानाबाद, २०२०) अध्यक्ष होते आपले फादर फ्रान्सिस दिब्रिटो. एका धर्मगुरूने खाली ठेवलेली जबाबदारी एका खगोलशास्त्रज्ञाने उचलली, ही गोष्ट आपल्या वाचकांनी ध्यानात ठेवावी अशी आहे. २० मे २०२५ रोजी पुण्यात नारळीकरांचे निधन झाले.

आता कथेकडे वळू. लेखकाच्या इंग्रजी रूपानुसार तिचा सारांश असा : इतिहासाचे प्राध्यापक गंगाधरपंत गायतोंडे पुण्याहून मुंबईला निघाले आहेत, पण गाडी आहे जिजामाता एक्स्प्रेस, आणि वाटेत ब्रिटिश हद्द सुरू होताना परवाने तपासले जातात. मुंबईत ईस्ट इंडिया कंपनी अजून थाटात नांदते आहे. गोंधळलेले पंत टाऊन हॉलच्या ग्रंथालयात जाऊन स्वतःच लिहिलेला इतिहास मागवतात. पाचव्या खंडात त्यांना उलगडा होतो. या जगात पानिपतावर विश्वासरावांना गोळी चाटून गेली, लागली नाही. मराठे जिंकले, कंपनी दोन-तीन बंदरांपुरती उरली, आणि पुढे देश स्वतःच्या पायांवर विज्ञानाकडे व लोकशाहीकडे गेला. संध्याकाळी आझाद मैदानावर एक सभा चालू असते. व्यासपीठावर अध्यक्षाची खुर्ची रिकामी पाहून पंत भारावल्यासारखे तिच्याकडे धावतात. आपल्या जगात त्यांनी नऊशे नव्याण्णव सभांचे अध्यक्षपद भूषविलेले असते! पण या जगाला अध्यक्षीय भाषणांचा वीट आलेला असतो. टोमॅटो आणि अंडी यांचा मारा होतो, आणि पंत आपल्या जगात परत येतात. खिशात उरते बखरीचे एक फाटके पान. त्यात गोळी चुकलेली असते.

कथेचे गुण आधी सांगितले पाहिजेत. पहिला गुण तिच्या मराठी नावातच आहे. 'पानिपत होणे' म्हणजे धूळधाण होणे, हा अर्थ आपल्या भाषेने १४ जानेवारी १७६१ च्या संक्रांतीला कायमचा उचलला. लेखकाने मराठ्यांचे पानिपत टाळले आणि गंगाधरपंतांचे मात्र केले! जिथे विश्वासराव वाचतात तिथे प्राध्यापक पडतात, आणि तेही टोमॅटोंनी. दुसरा गुण असा, की विज्ञानाचे अवघड तत्त्व सांगण्यासाठी लेखक परग्रहावर जात नाही. पुणे-मुंबई रेल्वे, खंडाळ्याचा घाट, एक बखर आणि एक व्यासपीठ एवढी घरगुती सामग्री त्याला पुरते. तिसरा गुण म्हणजे संयम. त्या दुसऱ्या जगात पंत राजे होत नाहीत, पाहुणेच राहतात. परतल्यावर राजेंद्र देशपांडे नावाचे वैज्ञानिक मित्र त्यांना आपत्ति-सिद्धान्त आणि पुंजभौतिकी यांच्या आधारे समजावतात, की अणूतल्या कणांच्या वर्तनाचे भाकीत निश्चितपणे करता येत नाही. जितक्या शक्यता, तितकी जगे असू शकतील. ट्रकची धडक बसली त्या क्षणी पंतांच्या मनात पानिपत होते, म्हणून ते त्या जगात गेले असावेत.

तथापि, समीक्षकाने मोहात पडून थांबू नये. मला या कथेविषयी तीन गोष्टी खटकतात.

पहिली गोष्ट अशी, की कथेत इतिहासाचे दार एका गोळीवर फिरते. गोळी हा अपघात. पण पानिपत केवळ अपघाताने झाले काय? सूरजमल जाट मराठ्यांची बाजू सोडून गेला, तो मतभेदांमुळे. लढवय्यांबरोबर यात्रेकरू आणि बाजारबुणग्यांचा प्रचंड लोंढा पोसावा लागला आणि छावणीत उपासमार झाली, त्यामागेही माणसांचे निर्णय होते. विश्वासरावांचा कान वाचवणे लेखकाला सोपे गेले. भाऊसाहेबांचे आणि सरदारांचे मन बदलणे कठीण होते, आणि ते त्याने केले नाही. शक्यतांचे जग त्याने योगायोगाच्या बाजूने उघडले, स्वातंत्र्याच्या बाजूने नाही.

दुसरी गोष्ट, ते दुसरे जग फार नीटनेटके आहे. पराभव टळला म्हणून प्रगती आली, असा सरळ हिशेब. जिंकलेल्या राज्यात सारा कोणी भरला, विहिरीवर कोणाला पाणी मिळाले आणि कोणाला नाही, हे पंतांनी ग्रंथालयात शोधले असते तर बरे झाले असते. पाप एका गोळीबरोबर निघून जात नाही, हे आपण उत्पत्तीच्या पुस्तकापासून वाचत आलो आहोत.

तिसरी गोष्ट सर्वांत महत्त्वाची. मुंबईत उतरल्यावर पंत आपला मुलगा विनय याच्या कचेरीत जातात आणि स्वागतकक्षात त्याची चौकशी करतात. त्या नावाचे इथे कोणी नाही, असे उत्तर मिळते. पंतांच्या मनात येते, की या जगात तो कदाचित जन्मलाही नसेल. त्यांना धक्का बसतो, आणि कथा ग्रंथालयाकडे वळते. माझ्या मते कथेचे मर्म या ओझरत्या प्रसंगात आहे. इतिहास सुधारला आणि मुलगा नाहीसा झाला! पंत मात्र त्या संध्याकाळी मुलाचा शोध सोडून विश्वासरावांचा शोध घेतात. प्राध्यापकाने वडिलांवर मात केली. शिवाजी पेठेतल्या त्या वडिलांनी धड्यातला नेमका हाच प्रसंग मुलीला पुन्हा सांगायला लावला होता.

येथे एक प्रश्न उभा राहतो : जे घडले नाही पण घडू शकले असते, त्या साऱ्याचे ज्ञान माणसाला मिळावे काय? ख्रिस्ती विचारपरंपरेला हा प्रश्न नवा नाही. १२७७ साली पॅरिसचे बिशप एतिएन तांपिए यांनी काही विधाने निषिद्ध ठरवली. परमेश्वर एकाहून अधिक जगे निर्माण करू शकत नाही, असे म्हणणे त्यांत होते. म्हणजे अनेक जगांच्या कल्पनेने बिशपांची झोप उडाली नाही. देवाचे सामर्थ्य एका जगापुरते मोजणे त्यांना अमान्य होते. संत थॉमस अक्विनास यांनी शिकवले, की जे कधीच अस्तित्वात येणार नाही अशा शक्यतांचेही ज्ञान परमेश्वराला आहे. सोळाव्या शतकातील स्पॅनिश येशूसंघीय लुईस दे मोलिना यांनी १५८८ च्या आपल्या ग्रंथात त्याहून सूक्ष्म मुद्दा मांडला. प्रत्येक स्वतंत्र व्यक्ती प्रत्येक परिस्थितीत आपखुशीने काय करील, हेही परमेश्वर जाणतो. या ज्ञानाला त्यांनी 'मध्यम ज्ञान' म्हटले. डोमिनिकन पंडितांनी त्यावर कडाडून टीका केली. वाद रोमपर्यंत गेला आणि १६०७ साली पोप पॉल पाचवे यांनी कोणालाही दोषी न ठरवता तो थांबवला. सेमिनरीत आम्ही हा वाद परीक्षेपुरता पाठ केला होता. त्याचा एखाद्या बापाच्या झोपेशी संबंध असेल, असे तेव्हा वाटले नव्हते.

पुढे जर्मन तत्त्वज्ञ लायब्निझ यांनी १७१० च्या एका ग्रंथाच्या शेवटी या ज्ञानाचे चित्रच रेखाटले. एका पुजाऱ्याला स्वप्नात एक महाल दिसतो. त्याच्या प्रत्येक दालनात एकेक संभाव्य जग आहे. एका दालनात तोच मनुष्य शांतपणे बाग कसतो, दुसऱ्यात राजाचा जावई होतो, आणि प्रत्यक्षातल्या जगात घोर अपराध करतो. दालनांचा पिरॅमिड वर निमुळता होत जातो, खाली त्याला पायाच नाही, कारण वाईट जगांना अंत नाही. शिखरावर आपले जग, आणि तेच सर्वांत उत्तम, असे लायब्निझ सांगतात. युक्तिवाद देखणा आहे. परंतु मी त्या दिवशी त्या वडिलांना जे सांगितले, ते याच महालातले होते, आणि ते ऐकून माणूस घरी जाऊन दार लावून घेतो.

विसाव्या शतकात, १९५७ साली, ह्यू एव्हरेट या अमेरिकन भौतिकशास्त्रज्ञाने पुंजभौतिकीचा असा अर्थ लावला, की साऱ्याच शक्यता आपापल्या शाखेत खऱ्या होतात. शास्त्रज्ञांमध्ये त्यावर एकमत नाही आणि त्यांच्या वादात धर्मगुरूने पंच होऊ नये. एवढेच विचारावेसे वाटते : जर मी प्रत्येक दारातून आत गेलेलो असेन, तर मी कोणते दार निवडले? एका शाखेत मी जखमी प्रवाशाजवळ थांबलो आणि दुसऱ्या शाखेत पुढे गेलो, आणि दोन्ही सारखेच खरे, तर चांगल्या शोमरोन्याचा दाखला कोणासाठी सांगायचा?

मग हे ज्ञान निषिद्ध आहे काय? पवित्र शास्त्राचे उत्तर एकेरी नाही. १ शमुवेल ग्रंथाच्या २३ व्या अध्यायात दावीद कईला नगरात असताना परमेश्वराला विचारतो, की शौल इकडे येईल काय आणि इथले लोक मला त्याच्या हाती देतील काय. दोन्हींचे उत्तर होकारार्थी येते. दावीद नगर सोडतो, आणि यांतले काहीच घडत नाही. देवाने त्याला न घडलेली गोष्ट दाखवली ती पाऊल उचलण्यासाठी. त्याच ग्रंथाच्या २८ व्या अध्यायात शौल रात्री वेष पालटून एन-दोरच्या भूतविद्या जाणणाऱ्या स्त्रीकडे जातो आणि मृतांकडून ज्ञान मागतो. त्याला ते मिळते, आणि तो जमिनीवर कोसळतो. एकाच ग्रंथातले हे दोन 'जर' आहेत. पहिला पुढे पाहतो आणि माणसाला वाचवतो. दुसरा बंद दार फोडतो आणि माणसाला मोडतो. २०१९ च्या महापुरानंतर घराच्या भिंतीवर पाण्याची खूण करून ठेवणारा कोल्हापूरकर दावीदाच्या जातीचा. विवेकाची तपासणी करताना 'मी वेगळे वागू शकलो असतो' असे म्हणणारा पश्चात्तापीही त्याच जातीचा. पण जे माझ्या हातात नव्हते त्याचा हिशेब रात्रंदिवस मांडत बसणे ही एन-दोरची वाट आहे. नारळीकरांना या दुसऱ्या वाटेची कधीच भुरळ पडली नाही. २००८ साली डॉ. नरेंद्र दाभोलकर आदी सहकाऱ्यांसह त्यांनी फलज्योतिषाची संख्याशास्त्रीय चाचणी घेतली. हुशार आणि मतिमंद मुलांच्या कुंडल्या ज्योतिषांना ओळखायला दिल्या. २७ ज्योतिषांची उत्तरे आली आणि सरासरी ४६ टक्के बरोबर निघाली. नाणे उडवले असते तरी तेवढे साधले असते.

आजच्या तरुणांनी हीच वाट पडद्यावर पाहिली आहे. २०२२ च्या 'डॉक्टर स्ट्रेंज इन द मल्टिव्हर्स ऑफ मॅडनेस' या चित्रपटात वांडा नावाची स्त्री एका निषिद्ध ग्रंथाच्या बळावर इतर विश्वांत डोकावते. तिथे तिला तिची दोन मुले दिसतात, जी तिच्या स्वतःच्या विश्वात नाहीत. ती त्यांना मिळवण्यासाठी संहार करत सुटते, आणि अखेर त्यांच्यासमोर उभी राहते तेव्हा मुलेच तिला घाबरतात. चित्रपटाचा गोंगाट सोडला, तर हा प्रसंग नारळीकरांच्या कथेला पूरक आहे. पंतांना दुसऱ्या जगात मुलगा सापडत नाही. वांडाला सापडतात, पण ते तिचे नसतात, त्यांना त्यांची आई असते. दुसऱ्या जगातली माणसे आपली भरपाई म्हणून ठेवलेली नाहीत, एवढे या चित्रपटाला कळले आहे.

शुभवर्तमानातला सर्वांत दुःखी 'जर' बेथानी गावातला. योहानाच्या ११ व्या अध्यायात मार्था येशूला गावाबाहेर गाठते आणि म्हणते, की तू इथे असतास तर माझा भाऊ मेला नसता. थोड्या वेळाने मरियाही तेच म्हणते. घरात चार दिवस हेच वाक्य घोळत असले पाहिजे. येथे मोलिनांचे सारे ज्ञान ज्याच्यापाशी आहे तो समोर उभा आहे. आपण आलो असतो तर काय झाले असते, हे तो सांगू शकतो. तो सांगत नाही. तो मार्थेला 'तसे काही नसते' म्हणून दटावत नाही, आणि हे जग सर्वांत उत्तम असल्याचा युक्तिवादही करत नाही. मार्थेला तो पुनरुत्थानाचे वचन देतो, कबर कुठे आहे ते विचारतो, आणि रडतो. मगच तो दगड बाजूला करायला सांगतो. लाझरस उठला तो याच जगात, त्याच कबरेतून, अंगावर तीच प्रेतवस्त्रे घेऊन.

ख्रिस्तसभेने हा धडा आपल्या उपासनेत जपला आहे. पुनरुत्थानाच्या जागरणरात्री मोठ्या मेणबत्तीसमोर जी घोषणा गायली जाते, तिच्यात आदामाच्या अपराधाला धन्य म्हटले आहे, कारण त्यामुळे असा तारणारा लाभला. मानवजातीच्या सर्वांत मोठ्या 'जर'समोर, आदामाने ते फळ खाल्ले नसते तर या प्रश्नासमोर, ख्रिस्तसभा उभी राहते आणि दुसरे जग मागत नाही. पुनरुत्थित प्रभूने थॉमसला हात दाखवले, ते व्रण नसलेले हात नव्हते. क्रूस टळलेल्या जगातून तो आला नव्हता.

'गंगाधरपंतांचे पानिपत' ही मराठीतली एक उत्तम कथा आहे आणि आपल्या मुलांनी ती मराठीतच मिळवून वाचावी, अशी माझी शिफारस आहे. वाचताना मात्र कचेरीतल्या त्या प्रसंगाशी क्षणभर थांबावे. परतल्यावर पंत ठरवतात, की यापुढे कोणत्याही सभेचे अध्यक्षपद स्वीकारायचे नाही. आपल्या जगात विनय आहे, हे मात्र ते मोठ्याने कोणालाच सांगत नाहीत. तो एक उच्चार असता, तर ही कथा मला कितीतरी मोठी वाटली असती. पाहा, समीक्षकालाही 'जर' सुटत नाही!

त्या वडिलांना मी काय उत्तर दिले, असे वाचक विचारतील. तसे जग आहे की नाही, हे मला ठाऊक नाही, असे मी त्यांना सांगितले. मग त्यांच्याकडे मुलाचे छायाचित्र मागितले आणि तो कसा होता ते विचारले. ते तासभर बोलले. औषधाचा विषय आला तेव्हा त्यांच्या पत्नी आतून म्हणाल्या, "औषध माझं होतं." हे वाक्य त्या घरात तोवर कोणी उच्चारले नव्हते. मी काही बोललो नाही. त्या बाहेर येऊन त्यांच्याशेजारी बसल्या. पुढच्या रविवारी दोघेही मिस्साला आले आणि मागच्या बाकावर बसले.